भाकर खाल्लो म्हणायचे दिवस

पूर्वी आमच्याकडं माणूस भाकर 'खाल्लो' म्हणायचा. आता, निदान चारचौघांत तरी, 'खाल्ली' म्हणतो. आमच्याकडं म्हणजे लातूर जिल्ह्यातल्या निलंगा, औसा, उदगीर, देवणी या पट्ट्यात आणि तिकडं नांदेड जिल्ह्यातल्या मुखेड, देगलूर, बिलोली, धर्माबादेकडं. 'मी भाकर खाल्लो', 'मी काम केलो', 'तो मला सांगितला', 'ती कपडे धुतली' ही वाक्यं ऐकत आमची पिढी वाढली. एका क्रियापदाच्या शेवटच्या स्वरावर एवढं काय लिहायचं, असं कुणाला वाटेल. पण मी आयुष्यभर मराठी शिकवलं, आणि या भागातून जे मुकाट्यानं निघून चाललंय त्यात हा स्वर मला फार मोठा वाटतो. शब्द गेला की निदान कुणीतरी हळहळतं, कोशात नोंदवून ठेवतं. वाक्याची ठेवण गेली तर गेल्याचंसुद्धा कळत नाही.

माझ्या वडिलांच्या शाळेच्या दाखल्यावर जिल्हा बीदर आहे, माझ्या दाखल्यावर उस्मानाबाद आणि मुलाच्या दाखल्यावर लातूर. घर मात्र एकच, गावही एकच. निलंगा, उदगीर, अहमदपूर हा भाग 1956 पर्यंत बीदरमध्ये होता. 1 नोव्हेंबर 1956 ला राज्यांची फेररचना झाली तेव्हा तो उस्मानाबादेत आला आणि 15 ऑगस्ट 1982 ला लातूर हा वेगळा जिल्हा झाला. नांदेडकडंही तेच. किनवट तेव्हा आदिलाबाद जिल्ह्यात होतं, ते इकडं आलं. मुधोळ नांदेडात होतं, ते तिकडं गेलं. सरकारनं रेघा ओढल्या त्या माणसं बोलायला लागल्यावर कितीतरी शतकांनी. त्यामुळं आमच्या आठवडी बाजारात कानडी, तेलुगू, दखनी आणि मराठी शेजारी शेजारी बसलेल्या असत. लातूरच्या गंजगोलाईत माल घेताना माझे आजोबा आडत्याशी कानडीत भाव करायचे, हमालाशी दखनीत बोलायचे आणि घरी येऊन आजीला सगळं मराठीत सांगायचे. तिन्ही भाषांत त्यांच्या वाक्याचा सांगाडा एकच असे. हे मला फार उशिरा, भाषाविज्ञानाची पुस्तकं चाळायला लागल्यावर उमगलं.

तो सांगाडा शाळेत मात्र चालत नसे. सहावी-सातवीला 'प्रयोग' शिकवायला सुरुवात झाली की आमची पंचाईत व्हायची. क्रियापद कर्त्याप्रमाणं बदललं तर कर्तरी, कर्माप्रमाणं बदललं तर कर्मणी, दोघांकडंही न बघता तटस्थ राहिलं तर भावे. फळ्यावर उदाहरण असायचं, 'रामाने आंबा खाल्ला.' आंबा होता तोवर ठीक. 'भाकरी' आली की आम्ही 'राम भाकर खाल्ला' म्हणायचो आणि तळहात पुढं करायचो. निबंधाच्या वहीत तर 'मी सकाळी लवकर अंघोळ केलो, देवाला नमस्कार केलो आणि अभ्यास केलो' या एका वाक्यावर तीन लाल गोल पडत. आमच्या गुरुजींना दोष द्यावासा वाटत नाही. परीक्षेत पोरं नापास होऊ नयेत, एवढीच त्यांची तळमळ. त्यांनी आम्हाला शिकवलेली मराठी पुढं आमच्या पोटापाण्याची झाली, हेही खरं. पण 'हे चूक आहे' आणि 'हे दुसरीकडचं आहे' या दोन गोष्टींत फरक असतो, तो तेव्हा आम्हाला कुणी सांगितला नाही. पोरांनी त्याचा अर्थ एकच घेतला, की आपल्या आईला बोलता येत नाही.

आता जरा निवांत बसून या दोन वाक्यांकडं बघावं. 'मी भाकरी खाल्ली' यात क्रियापद भाकरीची साक्ष देतं. भाकरी स्त्रीलिंगी, एकवचनी, म्हणून 'खाल्ली'. 'मी भाकर खाल्लो' यात क्रियापद खाणाऱ्याची साक्ष देतं. आजोबा 'मी आंबा खाल्लो' म्हणत आणि आजी 'मी आंबा खाल्ले' म्हणे. बोलणारा बाप्या की बाई, हे आमचं क्रियापद सांगतं. 'मी खाल्लो, तू खाल्लास, तो खाल्ला, ती खाल्ली, तुमी खाल्लाव, ते खाल्ले' अशी ही पुरी रूपावळी आहे, आणि गावातलं चार वर्षांचं पोर ती कुठंही न अडखळता म्हणतं. ज्याला नियम आहे, ज्याची रूपं ठरलेली आहेत आणि जे सगळं गाव सारखंच बोलतं, त्याला व्याकरणच म्हणतात.

आणि प्रमाण मराठीचं काय? तिथंही 'मी पाणी प्यालो' हे शुद्ध आहे. 'मी पुस्तक विसरलो' शुद्ध आहे. 'मी गणित शिकलो' शुद्ध आहे. पाणी, पुस्तक, गणित ही कर्मंच आहेत, तरी क्रियापद कर्त्याकडं बघतं, आणि व्याकरणकार त्यांची वेगळी यादी करून मोकळे होतात. म्हणजे पाणी प्यालो तर बरोबर आणि त्याच ताटावर बसून भाकर खाल्लो तर चूक! आमच्या लोकांनी एवढंच केलं की चार-दोन धातूंपुरती असलेली रीत सगळ्या धातूंना लावली. 'तू आंबे खाल्लेस' हे वाक्य घ्या, पुण्यात कुणाच्याही तोंडी असतं. 'खाल्ले' हे आंब्यांसाठी आणि शेवटचा 'स' तू साठी. एकाच क्रियापदानं दोघांचा मान राखलाय. जुन्या व्याकरणांत याला संकर प्रयोग असं नाव आहे. कर्त्याकडं झुकण्याची ओढ मराठीत मुळातच आहे. आमच्याकडं ती टोकाला गेली, इतकंच. 1836 साली दादोबा पांडुरंगांनी 'महाराष्ट्र भाषेचे व्याकरण' लिहिलं, 1911 साली मोरो केशव दामल्यांचं 'शास्त्रीय मराठी व्याकरण' आलं. एवढ्या थोर ग्रंथांची परंपरा असलेल्या भाषेच्या वर्गात हा विचार फळ्यावर मांडायला पाच मिनिटं लागली असती. कुणी मांडला असता तर किती पोरांची मान वर राहिली असती, असं अजूनही वाटतं.

ही ओढ आमच्याकडंच टोकाला का गेली, याचं उत्तर बाजारात आहे. कानडी माणूस 'नानु रोट्टी तिंदे' म्हणतो. तेलुगू माणूस 'नेनु रोट्टे तिन्नानु' म्हणतो. दखनी बोलणारा 'मैं रोटी खाया' म्हणतो, उत्तरेतल्या हिंदी-उर्दूसारखा 'मैंने रोटी खाई' म्हणत नाही. तिन्हीकडं क्रियापद खाणाऱ्यामागं जातं. तीन बाजूंनी असे शेजारी असताना आणि एकाच माणसाला दिवसातून चार वेळा एका भाषेतून दुसरीत जावं लागत असताना मराठीनं तेवढी रोटी-भाकरीमागं जावं, हे मनाला सोसणारं नव्हतं. मनानं शब्द ज्याचे त्याला ठेवले आणि वाक्याचा साचा एक केला. सांगलीजवळच्या कुपवाड गावात हेच घडल्याचं जॉन गंपर्झ आणि रॉबर्ट विल्सन यांनी 1971 साली दाखवून दिलं. तिथल्या मराठी, कानडी आणि उर्दूची वाक्यरचना पिढ्यान्पिढ्यांच्या शेजारामुळं इतकी सारखी झाली होती की एका भाषेतल्या वाक्यात शब्दामागं शब्द बदलत गेलं की दुसऱ्या भाषेचं वाक्य तयार. तो निबंध जगभरच्या भाषाविज्ञानाच्या वर्गांत शिकवला जातो. लातूर-नांदेडच्या वर्गांत मात्र त्याच गोष्टीवर लाल गोल पडत होते.

आमच्या वाक्याचं दुसरं लेणं म्हणजे 'मनून'. प्रमाण लेखनात आपण लिहितो, 'त्यानं सांगितलं की तो उद्या येणार आहे.' आधी सांगणारा, मग 'की', मग निरोप. ढाळजेत, म्हणजे वाड्याच्या दारालगतच्या बैठकीत, बसलेली आमची म्हातारी माणसं याच्या उलट जायची. 'उद्या मी येतो मनून सांगितला अन् आलाच न्हाई.' आधी निरोप, निरोपाच्या शेवटी 'मनून', आणि मग सांगणारा. यातला 'मी' बघा. बोलतोय आजोबा, पण 'मी' आजोबा नाहीत. 'मी' म्हणजे तो न आलेला माणूस. त्याच्या तोंडचं वाक्य जसंच्या तसं उचलून आणलंय आणि 'मनून' हे त्याच्या शेवटी कुंपण घातलंय. ऐकणाऱ्याचा कधी घोटाळा झाला नाही. तेलुगूत हेच काम 'अनि' करतं, कानडीत 'अंत' करतं, दखनीत 'बोलके' करतं. सगळी 'म्हणणे' या अर्थाच्या क्रियापदातून आलेली. 'मी' कुणाचा, हा प्रश्न आज अर्थविचारातल्या अभ्यासकांच्या मोठ्या प्रश्नांपैकी एक आहे. परक्याच्या तोंडचा 'मी' आपल्या वाक्यात आणला तरी तो त्याचाच कसा राहतो, यावर जगभरच्या भाषांची उदाहरणं गोळा करून वाद चालतात. आमच्या ढाळजेत ते उदाहरण रोज संध्याकाळी मिळत होतं.

ढाळजेतल्या बोलण्याला एक लय होती, ती आठवली की अजून बरं वाटतं. गोष्ट सांगणारा कुठला शब्द पुढं आणील आणि कुठला मागं टाकील, यावर सगळी गंमत असे. घरात टोपलं रिकामं दिसलं की आजी विचारायची, 'कोण खाल्ला भाकर?' नुसता प्रश्न नव्हता तो. भाकर गेली हे सगळ्यांना दिसतच होतं, म्हणून 'भाकर' क्रियापदाच्या मागं, जवळजवळ पुटपुटल्यासारखी. हवी होती ती माहिती एकच, कोण. म्हणून 'कोण' क्रियापदाला खेटून पुढं, ठसक्यात. उत्तर यायचं, 'मीच खाल्लो.' त्यात भाकरीचा उल्लेखही नाही, लागतही नाही. ऐकणाऱ्याला आधीच ठाऊक काय आणि त्याच्यासाठी नवं काय, हे ओळखून वाक्य रचायचं, यालाच भाषावैज्ञानिक माहितीची मांडणी म्हणतात. प्रागचे व्हिलेम मातेझिउस यांनी विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात हा विचार मांडला आणि 1967 च्या सुमारास मायकल हॅलिडे यांनी त्याला आजचं नाव दिलं. आपल्या शाळेत 'वाक्यपृथक्करण' होतंच. उद्देश्य, उद्देश्यविस्तार, विधेय, विधेयविस्तार असे चौकोन आखून आम्ही वाक्यं फोडायचो. पण तिथं उद्देश्य म्हणजे कर्ता, असं गणित ठरलेलं असायचं. वाक्य कुणाबद्दल चाललंय, हा खरा प्रश्न राहूनच जायचा. 'पाणी तर कालच आणलो' या वाक्यात कर्ता मी असेन, पण वाक्य पाण्याबद्दल आहे, आणि ते सांगणारा 'तर' चौकोनात कुठंच बसत नसे.

लातूरच्या माणसाला हा फरक समजावून सांगायला पाण्याचंच उदाहरण पुरे. 2016 च्या उन्हाळ्यात शहराला पाणी उरलं नाही. 12 एप्रिल 2016 ला मिरजेहून 'जलदूत' रेल्वेची पहिली खेप आली. दहा टाक्या, पाच लाख लिटर पाणी. त्या दिवसांत गल्लीत दोन प्रश्न ऐकू येत. 'पाणी आलं का?' आणि 'आलं का पाणी?' शब्द तेच तीन. पहिला प्रश्न बाहेरगावचा पाहुणा विचारायचा, बातमी म्हणून. दुसरा प्रश्न घागरी रांगेला लावून बसलेली बाई विचारायची. तिच्या मनात पाण्याशिवाय दुसरा विषयच नव्हता, म्हणून पाणी मागं गेलं आणि 'आलं का' पुढं आलं. कुणी पलीकडच्या गल्लीतनं सांगायचं, 'आलं मनं.' स्वतः पाहिलं नाही, ऐकलंय, एवढं त्या एका 'मनं'मध्ये यायचं. शब्दकोशात या वाक्यांमधला फरक सापडणार नाही. तो रचनेत आहे, आणि रचनेमुळंच त्या बाईची तहान कळते.

'च'ची गोष्ट सांगितल्याशिवाय पुढं जाववत नाही. 'मीच भाकर खाल्लो' म्हणजे दुसरं कुणी नाही. 'मी भाकरच खाल्लो' म्हणजे कालवण-भात काही नाही. 'मी भाकर खाल्लोच' म्हणजे कुणी काही म्हणो, खाल्लो. घडलेली गोष्ट तिन्हींत एकच, भाकर पोटात गेली. पण तीन वेगळ्या शंकांना ही तीन उत्तरं आहेत. एवढं बळ असलेला हा एका अक्षराचा प्रत्यय शेजाऱ्यांनी बघितला आणि उचलला. हैदराबादेपर्यंतच्या दखनीत 'मैंइच', 'ऐसाइच' ऐकू येतं, तो 'च' मराठीचा आहे. कर्त्यामागं जाण्याची रीत मराठीनं शेजाऱ्यांकडून घेतली आणि ठसका त्यांना दिला. निजामाच्या राज्यात दरबार, कचेरी आणि उस्मानिया विद्यापीठ उर्दूचं होतं, मराठी शाळांचे हाल होते, हे आम्ही वडिलांकडून ऐकलंय आणि ते विसरण्यासारखं नाही. पण त्याच काळात बाजारात, शेतात आणि ढाळजेत ही देवाणघेवाण कुणाच्याही हुकुमाशिवाय चालू होती.

मग हे सगळं कुणी लिहून का ठेवलं नाही? ग्रिअर्सन यांच्या भाषा-पाहणीचा मराठीचा खंड 1905 साली निघाला, पण त्या पाहणीतून हैदराबाद संस्थान वगळलेलं होतं. म्हणजे मराठीची पहिली मोठी मोजदाद झाली तेव्हा मराठवाडा बाहेरच राहिला. पुढं अमृत घाटगे यांनी बोलींच्या पाहणीच्या पुस्तिका केल्या. कुडाळी, कासरगोडची मराठी, महाडची कुणबी, ठाण्याची वारली असं मोलाचं काम झालं, पण त्याचा ओढा किनाऱ्याकडं होता. अमेरिकेत राहून काशी वाली आणि राजेश्वरी पंढरीपांडे यांनी मराठीची वाक्यरचना जगापुढं नेली. पंढरीपांडे यांचं इंग्रजीतलं मराठी व्याकरण 1997 चं, रमेश धोंगडे आणि काशी वाली यांचं 2009 चं. त्यांचा पाया साहजिकच प्रमाण मराठीचा.

आणि तरी आमच्याच मातीत एक माणूस होऊन गेला. सेतुमाधवराव पगडी, जन्म 1910, गाव निलंगा. महाराष्ट्र त्यांना इतिहासकार म्हणून ओळखतो. हैदराबाद संस्थानात अधिकारी असताना आदिलाबादच्या जंगलात ते गोंड आणि कोलामांत वावरले, त्यांच्या भाषा शिकले आणि 1950 साली त्यांनी इंग्रजीत कोलामी भाषेचं व्याकरण प्रसिद्ध केलं. लिपी नसलेली, कचेरीत कुणी विचारत नसलेली भाषा. हातात महसुलाची कामं असताना हा माणूस तिची नामं, क्रियापदं, काळ मांडत बसला. मरे एमेनो यांच्यासारख्या मोठ्या भाषावैज्ञानिकानं 1955 साली कोलामीवर ग्रंथ काढला तेव्हा पगडींची सामग्री जमेस धरली. भाषा मोठी की लहान हे न बघता तिचे नियम काय, एवढंच बघायचं, ही दृष्टी निलंग्याच्या माणसाला तेव्हा होती. मला त्यांचा फार अभिमान वाटतो, आणि निलंग्याच्या शाळांतल्या किती पोरांना त्यांचं हे काम माहीत आहे, या विचारानं वाईटही वाटतं.

दुसरा आनंद 1971 साली मिळाला. रा. रं. बोराडे यांची 'पाचोळा' आली. बोराडे लातूर जिल्ह्यातल्या काटगावचे. पूर्ण कादंबरी एका बाईच्या तोंडून, आमच्याकडच्या बोलीत. नांदेडला शिकत असताना ती हाती पडली तेव्हा छापलेल्या पानावर आपल्या घरची वाक्यं बघून अंगावर काटा आला. तेव्हाचं नांदेड म्हणजे नरहर कुरुंदकरांचं नांदेड. पीपल्स कॉलेज, व्याख्यानं, रात्री उशिरापर्यंत चालणाऱ्या चर्चा. आमच्यासारखी खेड्यातली पोरं तोंड उघडायला लाजायची, कारण पहिल्याच वाक्यात 'केलो' निघायचं. 'पाचोळा' वाचल्यावर ती लाज थोडी कमी झाली.

आता काय आहे? लातूरला सकाळी शिकवण्यांच्या रस्त्यांवर राज्यभरची पोरं दिसतात. सगळ्या जिल्ह्यांतून आलेली, सगळी एकमेकांना समजेल अशा सपाट मराठीत बोलणारी, मध्ये निम्मं इंग्रजी. त्यांचं काही चुकत नाही. ती मोठी व्हायला आली आहेत. गावात, एसटीत, बाजारात 'करलालाव', 'खाल्लाव' अजून कानावर येतं, नांदेडच्या इतवाऱ्यात 'काय करूलालाव' विचारणारे भेटतात. पण शिकलेल्या घरांतून ते उंबऱ्याबाहेर गेलंय. माझी नात एकदा जेवताना मला म्हणाली, 'आजोबा, खाल्लो नाही, खाल्ली म्हणायचं.' मी विचारलं, 'कोण सांगितला तुला?' ती हसली आणि म्हणाली, 'कुणी सांगितलं, असं.' मी तिला जवळ घेऊन 'पाणी प्यालो' आणि 'भाकर खाल्लो'ची सगळी गोष्ट सांगितली. तिचा पुढचा प्रश्न फार सरळ होता. 'मग परीक्षेत काय लिहायचं?' परीक्षेत 'खाल्ली'च लिहायचं, हे मी तिला सांगितलं आणि आजही सांगेन. प्रमाण मराठी पक्की यायलाच हवी, तिच्यावाचून गडचिरोलीचं आणि सिंधुदुर्गाचं पोर एका वर्गात बसू शकणार नाही. पण तेवढ्यासाठी घरचं व्याकरण पुसायचं कारण नव्हतं. दोन्ही येणाऱ्या पोराला व्याकरण जास्त कळतं, हे मी वर्गात पुन्हा पुन्हा पाहिलंय. 'आपण घरी काय म्हणतो, पुस्तकात काय आहे, फरक कुठं पडला' असं विचारून प्रयोग शिकवले की मागच्या बाकावरची पोरंसुद्धा हात वर करतात, कारण निम्मं उत्तर त्यांना आधीच येत असतं.

एक गोष्ट मात्र आज तेव्हापेक्षा चांगली आहे, आणि ती मोकळ्या मनानं सांगायला हवी. तेव्हा 'केलो' ऐकून छडी निघायची, आता ध्वनिमुद्रक निघतो. पुण्याच्या डेक्कन कॉलेजनं राज्य मराठी विकास संस्थेबरोबर मराठीच्या बोलींचं सर्वेक्षण केलं, सोनल कुलकर्णी-जोशी यांच्या मार्गदर्शनाखाली. गावोगावच्या, वेगवेगळ्या समाजांतल्या, बाया-बाप्यांचं, म्हाताऱ्या-तरुणांचं बोलणं त्यांनी मुद्रित केलं आणि महाजालावर ऐकायला ठेवलं. त्यात नुसते शब्द गोळा केलेले नाहीत. भूतकाळात क्रियापद कुणामागं जातं, कर्त्याला 'नं' लागतो की नाही, हे गावागणिक बघितलंय. ज्या भागाला ग्रिअर्सनच्या पाहणीत जागा नव्हती त्या भागातल्या शेतकरी बाईचं वाक्य आता जगातल्या कुठल्याही अभ्यासकाला ऐकता येतं. नांदेडला स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ 1994 पासून आहे, लातूर-नांदेडच्या महाविद्यालयांत मराठीचे विभाग आहेत. 2022 साली उदगीरला अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरलं. साधनं आली, माणसं आली, मान आला.

तरीही आपलं बोलीवरचं बरंचसं लेखन अजून शब्द, म्हणी आणि ओव्या यांच्या संग्रहात रमतं. ते हवंच. पण बोलीचा प्राण वाक्यात असतो. जात्यावरच्या ओवीत जपून ठेवलेली, घासून गुळगुळीत झालेली भाषा असते. 'काल लातूरला गेलतो, तिथं का झालं बग' असं म्हणून म्हातारा सांगायला लागतो तेव्हा भाषा जागच्या जागी घडत असते. कुठला शब्द आधी, कुठला नंतर, कुठं 'च', कुठं 'त', कुठं 'मनून', हे सगळं तिथं ऐकायचं असतं. आणि असं ऐसपैस सांगणारी, निम्मी कानडी किंवा तेलुगू येणारी माणसं आता ऐंशीच्या पुढची आहेत.

म्हणून लातूर-नांदेडकडच्या वाचकांना एक विनंती. घरात असं कुणी असेल तर या दिवाळीला त्यांच्यासमोर मोबाइल ठेवा आणि त्यांना बोलतं करा. 'तुमच्याकडं अमक्याला काय म्हणतात' असं विचारू नका. त्यानं नुसते शब्द हाती लागतात. 'काल दिवसभर काय काय केलाव', 'लग्नात काय झालं', '1993 च्या भूकंपाच्या रात्री तुमी कुठं होताव' असं विचारा, कारण भूतकाळातच आमचं क्रियापद आपलं रूप दाखवतं. मध्ये दुरुस्त करू नका. मुद्रण झाल्यावर सुरुवातीला गाव, तालुका, बोलणाऱ्याचं वय, घरात आणखी कुठली भाषा बोलतात आणि तारीख एवढं तुमच्या आवाजात सांगून ठेवा, आणि त्यांची परवानगी घेऊन जवळच्या महाविद्यालयातल्या मराठी विभागाला एक प्रत द्या. पंधरा मिनिटांचं एवढं मुद्रण असलं तरी अभ्यासकाला त्यावर काम सुरू करता येतं.